काळ्या रंगाचा पहिला हात

सोलापुरात सत्कार झाला की शालीऐवजी चादर मिळते. हा रिवाज मला शहाणपणाचा वाटतो. शाल कपाटात जाते, चादर अंथरता येते. सत्कारमूर्तीचं कर्तृत्व संशयास्पद असलं तरी घरातल्या कुणाला तरी ऊब मिळते. गेल्या हिवाळ्यात मलाही अशी एक चादर मिळाली. सभागृहाच्या दारावर फ्लेक्स होता. त्यावर मी कॅमेऱ्याला डोळा लावून उभा होतो आणि माझ्याभोवती शुभेच्छुकांचे इतके गोल फोटो होते की मी त्यांचंच चित्रण करतोय असं वाटावं.

व्यासपीठामागच्या पडद्यावर मात्र मी नव्हतो. तिथे माझे काका होते, पार छतापर्यंत. आमच्या सिनेमाचं पोस्टर होतं ते. विस्कटलेले पांढरे केस, आखडलेले डोळे, घट्ट मिटलेले ओठ, आणि बोटांपासून मनगटापर्यंत काळ्या रंगाने माखलेले हात. मागे त्यांच्या किराणा दुकानाचा बोर्ड. बोर्डावरची वरची ओळ मराठी, पांढऱ्यावर लाल, स्वच्छ. खालची ओळ कन्नड होती हे फक्त कळत होतं, कारण तिच्यावर काळा रंग फासलेला होता. रंगाचे ओघळ खाली आले होते आणि त्याखालून जुनी अक्षरं बुडणाऱ्या माणसासारखी डोकं वर काढत होती. सिनेमा सीमाभागावर होता. त्यामुळे पोस्टर बघून कुणाला काही विचारावंसं वाटत नव्हतं.

प्रमुख पाहुण्यांनी पडद्याकडे हात केला आणि या चेहऱ्यात सीमेवरच्या माणसाची पिढ्यान्‌पिढ्यांची वेदना गोठली आहे, असं सांगितलं. काका पहिल्या रांगेत इस्त्रीच्या धोतरात बसले होते. ते शेजाऱ्याकडे झुकून म्हणाले, "ऊन लई होतं त्या दिवशी." त्यांचा आवाज लहान कधीच नव्हता. पहिल्या दोन रांगांनी ऐकलं. मी व्यासपीठावरून ऐकलं आणि चादरीची घडी नीट केली.

कार्यक्रम संपल्यावर लोकांनी काकांना त्यांच्याच पोस्टरपुढे उभं करून फोटो काढले. त्यांनी प्रत्येक फोटोत हात जोडले. त्यातला एक फोटो फोनाफोनी फिरत सीमा ओलांडून पलीकडे गेला.

काही दिवसांनी काकांचा फोन आला. ते मला तम्मा म्हणतात. कन्नडमध्ये धाकट्याला म्हणतात तसं.

"तम्मा, हाईस का घरी?"

"आहे. बोला की काका."

"मास्तरांनी बोलणी थांबवली."

मास्तर म्हणजे पलीकडच्या, कर्नाटकातल्या गावचे निवृत्त हेडमास्तर. कन्नड शाळेत त्यांची हयात गेली. त्यांचा मुलगा जनावरांचा डॉक्टर. काकांची मुलगी, म्हणजे माझी चुलत बहीण, अक्कलकोटला शाळेत शिकवते. तिने आजवर बरीच स्थळं एकेका वाक्यात परत पाठवली होती. एकाबद्दल 'बोलतो कमी, खाकरतो जास्त' एवढंच म्हणाली होती. या डॉक्टरला मात्र तिने 'चालेल' म्हटलं. तिच्या तोंडून हा शब्द म्हणजे आमच्याकडे ढोलताशे. साखरपुड्याचा दिवस तेवढा धरायचा राहिला होता. तेवढ्यात मास्तरांच्या फोनवर काकांचा फोटो पोचला. खाली कुणीतरी कन्नडमध्ये लिहिलं होतं: कन्नड पाटीला काळं फासणाऱ्याचा सोलापुरात सत्कार.

"काय म्हणाले मास्तर?"

"म्हनले, ज्या घरात आमची अक्षरं पुसतात तितली पोरगी आमच्या घरात येऊन वाचनार काय? मी म्हनलं, मास्तर, पेंटर आलता हो. तर म्हनले, सगळेच तसं म्हनतात."

"बोर्डावर आता कन्नड आहे की."

"हाय की. पिवळं धमक. फोटो धाडला मी. म्हनले, बोभाटा झाल्यावर लिवलं असंल." मग म्हणाले, "तू ये. तू मोटा मानूस, तुजा सत्कार झालाय. तू सांगितलंस तर ऐकतील."

त्यांच्या आवाजात माझ्याबद्दल जराही राग नव्हता. राग कुणावर धरायचा हे त्यांना अजून सुचलंच नव्हतं.

इथे माझ्या धंद्याबद्दल सांगितलं पाहिजे. मी स्वतंत्र सिनेमांचा कॅमेरामन आहे. स्वतंत्र म्हणजे मुख्यतः प्रेक्षकांपासून. ज्या प्रदेशात दोन बाजूंची माणसं एकमेकांच्या अंगावर जातात, तिथे तिसरी बाजू म्हणून आम्ही जातो. डोंगरात गेलो, जंगलात गेलो, नदीच्या बेटांवर गेलो. कुणाचं तरी घर जळून गेल्यावर मी तिथे पोहोचतो आणि ऊन कलायची वाट बघतो. दुपारच्या उन्हात राख चांगली दिसत नाही.

या कामातली मोठी अडचण म्हणजे माणसं. ज्याचं सगळं गेलंय असा माणूससुद्धा कॅमेरा दिसला की हसतो. आलेल्या पाहुण्याकडे बघून हसायचं, ही सवय घराबरोबर जळत नाही. पण संघर्षावरच्या सिनेमात हसणारा माणूस चालत नाही, जाणकार गोंधळतात. त्यामुळे ज्या भाषांत पाण्याला काय म्हणतात तेही मला ठाऊक नाही, त्या भाषांतसुद्धा 'हसू नका' मला म्हणता येतं.

मग सीमाभागावरचा सिनेमा आला. दिग्दर्शक दिल्लीचा, तरुण, प्रामाणिक, भरपूर वाचलेला. मी त्याच भागातला आहे हे कळल्यावर त्याने माझा हात दोन्ही हातांत धरला. मी त्याला आमच्या गावी नेलं. अक्कलकोटच्या पुढे रस्ता अरुंद होतो आणि पाट्या दोन लिप्यांत दिसायला लागतात, तिथलं आमचं गाव. आमच्या घरात देवाला कन्नडमध्ये हाक मारतात, गिऱ्हाइकाला मराठीत, आणि भांडण दोन्हींत, कारण एका भाषेत ते पुरत नाही. वडील सोलापुरात भुसार मालाच्या व्यापाराला आले, काका गावात दुकान धरून राहिले.

गावाने दिग्दर्शकाची पार निराशा केली. पारावर बसलेल्या एका म्हाताऱ्याला त्याने विचारलं की तुम्हाला इकडे राहायचंय की तिकडे जायचंय. म्हातारा म्हणाला, "कुटं बी टाका, टँकर कुनाचा येतोय ते सांगा." शेजारचा म्हणाला, "टीवीवाले आले की आमी भांडतो की. तुमी आदी सांगितलं न्हाय. उद्या या, चार पोरं गोळा करून ठिवतो." सगळा पार हसला. दिग्दर्शकाने मला विचारलं, काय म्हणाले? मी म्हणालो, पाण्याचा प्रश्न आहे.

मला गावाची लाज वाटत होती. पाहुण्यांसमोर पोराने ऐनवेळी कविता म्हणू नये, तशी. आपण ज्या प्रदेशातून आलो तिथे इतका कमी संघर्ष असावा, हे मला धंद्याच्या दृष्टीने कमीपणाचं वाटत होतं. एवढ्या डोंगरदऱ्यांतून मी माणसांची दुःखं उचलून आणली, आणि माझ्याच गावाला एक धड जखम दाखवता येऊ नये!

परत निघायच्या आदल्या दिवशी काकांच्या दुकानापुढे पेंटर आला होता. काकांना बोर्ड नवा करून हवा होता. वरची ओळ पांढऱ्यावर लाल, खालची काळ्यावर पिवळी, असं त्यांनी कुठल्यातरी ट्रकवर बघून ठरवलं होतं. पेंटरने वरची मराठी ओळ संपवली, कारण वरून खाली आलं नाही तर हात लागून रंग फिसकटतो. मग खालच्या जुन्या कन्नड ओळीवर काळ्या रंगाचा पहिला हात मारला. पहिला हात नेहमी ओबडधोबडच असतो. ओघळ येतात, खालची अक्षरं दिसत राहतात. वाळला की दुसरा हात, त्यावर पिवळी अक्षरं. काकांनी डबा धरला होता आणि अर्धा रंग स्वतःच्या हातांवर घेतला होता.

ऊन कलत होतं. भिंतीवर असा उजेड पडला होता की त्यासाठी मी कुठे कुठे दिवस घालवले आहेत. दिग्दर्शक कोपऱ्यावरून आला आणि जागीच थांबला.

"हे काय?" त्याने विचारलं.

"बोर्ड," मी म्हणालो.

"खाली कन्नड होतं?"

"हो."

माझ्या दोन उत्तरांत एकही अक्षर खोटं नव्हतं. तो माझ्या खांद्यावर हात ठेवून मागे उभा राहिला. मी कॅमेरा लावला. पुढे सिनेमातही कुणी म्हणत नाही की हे काळं फासलंय. आधी मोर्च्यांची जुनी दृश्यं येतात, मग काका येतात, मग शांतता. बाकीचं प्रेक्षक करतात.

तर काकांच्या फोननंतर मी रशेस काढल्या. रशेस म्हणजे न कापलेलं सगळं चित्रण. पेंटर ब्रश बुडवतोय, काका डबा धरून उभे आहेत, हे सगळं त्यात होतं. मास्तरांना पटवायला तेवढं पुरे होतं. मी तेवढाच छोटा तुकडा कापून लॅपटॉपवर घेतला. त्याच्या पुढचं हार्ड डिस्कवरच राहू दिलं, आणि ती डिस्क सवयीने पिशवीत टाकली.

गावात गाडी थांबवली तर बहीण तयार होऊन ओट्यावर उभी होती.

काका म्हणाले, "पोरगी आदी जात नसते त्या घरी."

"मोडणारा अण्णा जाऊ शकतो, तर जोडायला मी का नको?" म्हणून ती मागच्या सीटवर बसली. अण्णा म्हणजे मी, कन्नडमधला थोरला भाऊ.

वाटेत तिने विचारलं, "काय दाखवणार आहेस?"

"पेंटरचा एक तुकडा काढलाय."

"म्हणजे पुन्हा कापलंस?"

मी आरशात बघितलं. ती खिडकीबाहेर बघत होती.

"सगळं आहे ना तुझ्याकडे?"

"आहे. पण लांब आहे. कंटाळतील."

"कंटाळू देत. मास्तर माणूस आहे, आयुष्यभर पोरांची उत्तरं तपासलीत त्याने. अर्धं लिहिलेलं लगेच ओळखेल. आणि सून व्हायचंय मला, तुला नाही."

काका पुढच्या सीटवर झोपेचं सोंग करत होते. ते त्यांना अजिबात जमत नाही.

मास्तरांचं घर नीटनेटकं. भिंतीवर शाळेच्या वर्गांचे फोटो, बाकांवर बसलेल्या पोरांच्या रांगा. मास्तरांनी पाणी दिलं, बसा म्हणाले, पण हसले नाहीत. डॉक्टर दाराच्या चौकटीला टेकून उभा होता. बहिणीला बघून तो सरळ झाला आणि मग काय करावं न सुचून पुन्हा टेकला. मी कन्नडमध्ये सुरुवात केली. माझं कन्नड स्वयंपाकघरातलं. त्यात जेवण मागता येतं, क्षमा मागायला शब्द अपुरे पडतात.

मास्तरांच्या बायकोने खिडकी लावली, लॅपटॉपच्या पडद्यावर ऊन येऊ नये म्हणून. मी पूर्ण चित्रण सुरू केलं.

पेंटर शीळ घालत काळा हात मारत होता. काका त्याला सांगत होते, "पिवळं असं पायजे की अंधारात पन गिऱ्हाईक आलं पायजे." घरातल्या बायका हसल्या. मास्तरांच्या मिशीलाही जराशी हालचाल झाली. पेंटर म्हणाला, "काका, दुसरा हात मारून खालचं कन्नड घेऊ का लिवायला? जरा चिकट हाय, पन चालंल." मास्तर पुढे सरकले. काकांनी माझ्याकडे बघितलं, झालं की काम, अशा नजरेने.

मग माझा आवाज आला. कॅमेऱ्यामागून, स्वच्छ, पुस्तकी.

"थांबा, थांबा. असंच राहू द्या थोडा वेळ."

मग: "काका, इकडे या. बोर्डाच्या पुढे. उन्हाकडे तोंड करा. हसू नका."

पडद्यावरचे काका म्हणाले, "का रं? दात वाईट दिसत्यात व्हय?"

"नाही हो. हसू नका. काहीतरी वाईट आठवा."

"वाईट? आता वाईट काय आठवू? समदं बरं चाललंय की."

"काकू गेल्या तो दिवस आठवा."

पडद्यावर काका थोडा वेळ तसेच उभे राहिले. मग त्यांचा चेहरा हळूहळू पोस्टरवरच्या चेहऱ्यासारखा होत गेला. डोळे उन्हाने आखडले होते, हे खरं. ओठ उन्हाने मिटले नव्हते. माझा श्वास तेवढा ऐकू येत होता, लक्ष लावून काम करणाऱ्या माणसाचा. मग माझाच आवाज म्हणाला, "सुंदर."

हा तो पुढचा भाग.

मी लॅपटॉप बंद केला. बहीण उठली आणि मास्तरांच्या बायकोला म्हणाली, "अव्वा, पाणी देता का?" आणि तिच्यामागून आत गेली. तिचा पाण्याचा पेला समोर भरलेला होता. डॉक्टर दारातून बाजूला झाला, तिला वाट दिली, आणि बराच वेळ आतल्या बाजूला बघत राहिला. काका धोतराच्या टोकाने बोटं पुसत होते, जणू रंग अजून होता.

मास्तरांनी चष्मा काढून पुसला. काकांना कन्नडमध्ये विचारलं, "पिवळंच लिहिलंय ना खाली?"

"पिवळंच हो, मास्तर. येऊन बघा की."

"येणारच आहे. साखरपुड्याला दुकानावरूनच यावं लागेल ना?"

काकांना अर्थ कळायला क्षणभर लागला. मग ते उठले आणि मास्तरांचे हात धरून उभे राहिले. दोघांपैकी कुणी माझ्याकडे बघितलं नाही. आतून भांड्यांचा आवाज यायला लागला. चहा ठेवला होता.

निघताना मास्तर माझ्यासोबत गाडीपर्यंत आले. तोवर माझ्याशी कन्नडच बोलले होते. आता मराठीत बोलले, सावकाश, एकेक शब्द वेगळा काढून, माझ्याकडून काही निसटू नये म्हणून.

"ते चित्र सिनेमातून काढा. ही अट नाही. अट घातली तर तिचं ओझं मुलीवर पडेल. मी फक्त सांगतो आहे."

"काढतो," मी म्हणालो.

परतीच्या वाटेवर काका खुशीत होते. "मास्तर लई मोट्या मनाचा मानूस," असं पुन्हा पुन्हा म्हणत होते. गाव आलं. काका उतरून कुलूप काढायला गेले, तेव्हा बहीण मागच्या सीटवरून म्हणाली, "अण्णा, आईचा फोटो आहे ना आमच्या घरात, तो वहीएवढा आहे. आई गेली त्याचा फोटो तू भिंतीएवढा केलास."

मी काहीतरी म्हणायला तोंड उघडलं. ती म्हणाली, "राहू दे. चहा घेऊन जा."

मी चहा घेतला. चांगला होता. काकांनी बिस्किटंही दिली, दुकानातली, नवीन पुडा फोडून.

दिग्दर्शकाला मी त्याच आठवड्यात फोन केला. त्याने सगळं शांतपणे ऐकून घेतलं. त्याला वाईट वाटलं, खरोखर वाटलं. मग तो म्हणाला की तो शॉट म्हणजे सिनेमाचा आत्मा आहे, आणि आपण कुठे म्हटलंय की काळं फासलंय? हा युक्तिवाद माझाच होता, त्याच्याकडून परत आला होता. शेवटी तो म्हणाला, सिनेमा संपल्यावर एक ओळ टाकू, बारीक अक्षरांत. सिनेमा संपल्यावरच्या ओळी कोण वाचतं हे आम्हा दोघांना माहीत आहे. श्रेयनामावली सुरू झाली की लोक चप्पल शोधतात. मी म्हणालो, विचार कर. तो म्हणाला, करतो. त्यानंतर सिनेमा आणखी दोन ठिकाणी दाखवला गेला आणि एका ठिकाणी माझ्या कॅमेऱ्याचा 'संयमित' असा गौरव झाला. पोस्टर तेच आहे. मी पुन्हा फोन करायचं ठरवलं. कधी बाहेरगावी होतो, कधी तो होता. खरं म्हणजे मला दर वेळी हायसं वाटत होतं.

लग्न मास्तरांच्या गावी झालं. बहीण छान दिसत होती आणि डॉक्टर तिच्याकडे बघताना हातातल्या अक्षता खाली सांडत होता. तिने मला वाकून नमस्कार केला, रीतीप्रमाणे, आणि पुढच्या माणसाकडे गेली. काका मांडवभर फिरून लोकांना सांगत होते की पुतण्या सिनेमात आहे. त्यांना थांबवावं असं वाटत होतं, पण काय म्हणून थांबवणार?

पंगत बसली. गव्हाची हुग्गी, म्हणजे खीर होती, आणि मास्तर स्वतः तुपाचं भांडं घेऊन वाढत येत होते. ते दूर असल्यापासून मी वाक्यं जुळवत होतो. दिग्दर्शक ऐकत नाही. सगळे हक्क निर्मात्याकडे आहेत. मी नुसता कॅमेरामन. कन्नडमध्ये जुळवली, मग वाटलं त्यांच्याशी मराठीतच बोलावं, म्हणून पुन्हा मराठीत जुळवली. ते माझ्या पानापाशी आले, वाकले, हुग्गीत खळगा करून तूप सोडलं.

"साकु," मी म्हणालो. पुरे.

त्यांनी आणखी थोडं सोडलं, सावकाश जेवा म्हणाले, आणि शेजारच्या पानाकडे वळले.